मुलांना 'लिटल निमो' दाखवायचा की 'गर्टी'?

दोन्ही अमेरिकी व्यंगचित्रकार विन्झर मकेचे ॲनिमेशन असलेले मूकपट, दोन्ही साधारण बारा मिनिटांचे. हक्क केव्हाच संपलेत, त्यामुळे खर्च नाही; मात्र नव्याने जोडलेल्या संगीतावर कुणाचा हक्क असू शकतो, तेवढं बघा.

'लिटल निमो' (१९११) मध्ये हलती चित्रं जेमतेम काही मिनिटं. बाकी सगळा मके, त्याचे मित्र आणि चित्रं हलवून दाखवण्याची पैज. पण त्या काही मिनिटांसाठी सुमारे चार हजार चित्रं काढलेली, वर रिळावर हाताने रंग चढवलेले. आकृत्या ताणल्या-दाबल्या जातात ती जागा पुन्हा पुन्हा बघावी अशी. अडचण इम्पी या पात्राची: गवताचा घागरा, जाड ओठ, काळा कुळकुळीत 'रानटी'. कृष्णवर्णीयांची थट्टा करणारा हा त्या काळचा अमेरिकी साचा आहे. तेवढंच कापायला जाल तर फारसं काही उरत नाही, कारण तो बराच वेळ पडद्यावर असतो. शिवाय फ्लिप या दुसऱ्या पात्राच्या तोंडात सिगार.

'गर्टी' (१९१४) ही एका डायनासोरची गोष्ट, तिच्यात असं व्यंगचित्र नाही. मॅमथ आणि डायनासोर एकत्र दिसतात, ही चूक मुलंच पकडतील! मागचे दगड थरथरतात, कारण पार्श्वभूमीही प्रत्येक कागदावर नव्याने गिरवलेली. पडद्यावरच्या संवादांच्या पाट्या इंग्रजीत, कुणीतरी मराठीत मोठ्याने वाचाव्या लागतील. मुळात मके रंगमंचावर उभा राहून गर्टीशी बोलायचाच.

लहान मुलं असतील तर 'गर्टी', हलत्या चित्रांआधीचा मके आणि मित्रांच्या जेवणावळीचा भाग वगळून. ॲनिमेशन किंवा माध्यमं शिकणाऱ्या मोठ्यांना 'निमो', पण इम्पीबद्दल आधी बोलून मगच.