गोदीच्या स्फोटावरची दहा मिनिटं: फोटो की व्हिडिओ?

14 एप्रिल 1944. व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजाचा स्फोट झाला. कापसाच्या गाठी आणि दारूगोळा एकाच जहाजात. पेटता कापूस वस्त्यांवर येऊन पडला, आग विझवायला गेलेले 66 जवान परतले नाहीत. त्यानंतरच्या मुंबईवर दहा मिनिटांचा काव्यात्म लघुपट करायचा, तर एक गोष्ट आधी ठरवावी लागते: नुसते फोटो जोडायचे की व्हिडिओ शूट करायचा?

फोटोंनी करायचं तर एक फोटो सरासरी सहा सेकंद धरा. शंभर लागतील, म्हणजे पाचशे तरी काढा. 24 मेगापिक्सेलचा फोटो 6000 पिक्सेल रुंद असतो, त्यामुळे फुल एचडीत (1920 पिक्सेल रुंद) तीनपट जवळ जाता येतं. पण दर फोटोवर झूम टाकला की लग्नाचा अल्बम होतो! बहुतेक फोटो निश्चल ठेवा. क्रिस मार्करच्या ‘ला जेते’ या लघुपटात (1962) अणुयुद्धानंतरची गोष्ट स्थिरचित्रांत आहे, एकदाच, झोपलेली बाई पापण्या उघडते. ती हालचाल अंगावर येते, कारण तोवर काहीच हललेलं नसतं.

खरी मेहनत आवाजाची. निवेदन पाचशे शब्दांत बसवा. संथ वाचलं तर पाच मिनिटं होतात, उरलेली पाच भोंग्याला, पावलांना, कावळ्यांना द्या. फोटोत दिसतं तेच निवेदनात आलं की फिल्म ढिली पडते. जुन्या फोटोंचे हक्क आधी लेखी घ्या.

व्हिडिओला परवानग्या जास्त. गोदीच्या आत तर त्याशिवाय कॅमेरा नेताच येत नाही. सेकंदाला 25 फ्रेम्स आणि 1/50 सेकंद शटर ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणून 1/60 शटरवर ट्यूबलाइट लुकलुकू शकते. पावसाळ्यात एसी गाडीतून काढलेल्या लेन्सवर वाफ धरते. कॅमेरा बॅगेतच अर्धा तास बाहेरच्या हवेत राहू द्या. प्रत्येक जागेचा नुसता आवाज एक मिनिट रेकॉर्ड करा, नाहीतर एडिटिंगमध्ये दोन शॉटच्या सांध्यावर लोकलची धडधड मध्येच तुटते.

आमचा कौल फोटोंना. जळालेली घरं आता तिथं नाहीत, आणि व्हिडिओत होर्डिंग, टॅक्सी सतत मध्ये येतात. मात्र स्फोटाचा आवाज लहानपणी ऐकलेल्या आजी घरात असतील, तर व्हिडिओच घ्या. त्यांना प्रश्न विचारू नका. त्या तांदूळ निवडत असताना फक्त हातांवर कॅमेरा ठेवून तीन मिनिटं न कापता घ्या.