शोनेनबुर्ग : माजिनो रेषेतला न पडलेला किल्ला

माजिनो रेषेबद्दल बहुतेकांना एकच गोष्ट माहीत असते: फ्रान्सने अफाट पैसा ओतून सरहद्दीवर तटबंदी उभारली आणि जर्मन फौज तिला वळसा घालून आत आली. मीही शाळेपासून हेच ऐकत आलो. जर्मनीला लागून असलेल्या फ्रान्सच्या आल्सास प्रांतात, उत्तरेला हुन्स्पाख गावाजवळ शोनेनबुर्गचा भुईकिल्ला आहे. तो आतून नीट पाहिला की या गोष्टीचा दुसरा अर्धा भाग कळतो. ज्यांना लष्करी इतिहासात खरी गोडी आहे त्यांनी ही जागा चुकवू नये.

मुलगा जर्मनीत कार्ल्सरूहेला असतो, तिथून राइन ओलांडून आम्ही गेलो. जर्मन सरहद्दीपासून हे ठिकाण दहा-बारा किलोमीटर आत. आपल्या डोळ्यांना किल्ला म्हणजे डोंगरमाथा, बुरूज आणि दरवाजा. इथे यातलं काहीच दिसत नाही. शेतं, झाडी आणि मध्येच गवतात दबलेले काँक्रीटचे उंचवटे. खरा किल्ला सुमारे तीस मीटर खाली आहे. एका टोकाला बराकी, वीजघर, स्वयंपाकघर आणि दवाखाना, दुसऱ्या टोकाला लढाईचे सहा ब्लॉक, आणि त्यांना जोडणारी लांबच लांब बोगद्यांची वाट. दारूगोळा नेण्यासाठी साठ सेंटिमीटर रुंदीचे रूळ टाकलेले आहेत. १९३१ ला काम सुरू झालं आणि चारेक वर्षांत किल्ला उभा राहिला. ज्यांचं नाव या रेषेला मिळालं ते युद्धमंत्री आंद्रे माजिनो स्वतः व्हर्दांच्या आघाडीवर जखमी झालेले होते. जानेवारी १९३० मध्ये संसदेकडून त्यांनी निधी मंजूर करून घेतला आणि दोनच वर्षांनी ते वारले. पहिल्या महायुद्धात फ्रान्सची तरुण पिढी खंदकांत संपली होती. माणसं कमी आहेत, तेव्हा काँक्रीट जास्त वापरा, असा हा सरळ हिशोब होता.

माझी सगळी नोकरी वीज केंद्रात गेली, त्यामुळे वीजघरापाशी मी सर्वांत जास्त रेंगाळलो. एरवी बाहेरून जमिनीखालच्या केबलने वीज यायची, ती तुटली तर आतली डिझेल इंजिनं सुरू करायची. पण खरी कमाल हवेची आहे. सहाशेच्या वर माणसं, चालती इंजिनं आणि धडाडणाऱ्या तोफा, हे सगळं बंद जागेत. विषारी वायूचा हल्ला झाला तर आत येणारी हवा मोठ्या फिल्टरांच्या रांगेतून घ्यायची आणि आतला दाब बाहेरच्यापेक्षा किंचित जास्त ठेवायचा. मग एखादी फट राहिली तरी हवा आतून बाहेर जाते, बाहेरचा वायू आत शिरत नाही. आज ऑपरेशन थिएटरमध्ये आपण हेच तत्त्व वापरतो. फिल्टरांच्या रांगा, पत्र्याचे जाड डक्ट, झडपांच्या मुठी हे सगळं जागेवर आहे. कुणी झडप कुठे बसवली आणि का, हे पाहत गेलं की ज्यांनी हे आखलं त्यांच्याशीच बोलल्यासारखं वाटतं.

मग बुरूज. ७५ मिलिमीटरच्या जोडतोफांचे दोन फिरते बुरूज आणि ८१ मिलिमीटरच्या मॉर्टरचा, म्हणजे उखळी तोफांचा, एक. एरवी पोलादी टोपण जमिनीच्या पातळीला बसलेलं. मारा करायचा तेव्हा अख्खा बुरूज वर उचलायचा, गोळे टाकायचे, पुन्हा खाली. टनावारी पोलाद, पण दुसऱ्या बाजूला प्रतिभार असल्यामुळे सहज हलतं. झाडलेली काडतुसं घसरगुंडीतून थेट खालच्या मजल्यावर पडायची, कारण ती तोफेपाशी साचली तर त्यांच्या धुराने तोफची गुदमरले असते.

जून १९४० मध्ये या सगळ्याची परीक्षा झाली. तोवर जर्मन सैन्य सेदाँपाशी म्यूज नदी ओलांडून फ्रान्सभर पसरलं होतं आणि रेषेला मागून वेढा पडला होता. शोनेनबुर्गवर स्टुका विमानांनी बॉम्ब टाकले, ४२० मिलिमीटरच्या अवजड मॉर्टरने सुमारे टनभर वजनाचे गोळे टाकले. माजिनो रेषेत एवढा मार दुसऱ्या कुठल्या किल्ल्याने खाल्ला नाही. काँक्रीटचे टवके उडाले, पण बुरूज चालत राहिले. हॉफेन आणि आशबाखच्या छोट्या ठाण्यांवर पायदळ चाल करून आलं, तेव्हा इथल्याच तोफांनी ते परतवलं. शस्त्रसंधी २५ जूनला लागू झाली, शिबंदीने किल्ला १ जुलैला सोडला, आणि तोही फ्रेंच सरसेनापतींच्या हुकमावरून. लढाईत न हरलेली ही माणसं युद्धबंदी झाली. याचा मला मनापासून राग येतो आणि वाईटही वाटतं.

शेजाऱ्याच्या तोफेचं मोल कळायला ला फेर्तेचं ठाणं आठवावं. रेषेच्या पश्चिम टोकाला, लांब पल्ल्याच्या स्वतःच्या तोफा नसलेलं. १९ मे १९४० ला तिथली १०७ माणसांची अख्खी शिबंदी आत गुदमरून मेली. इथल्या फिल्टरांपाशी उभं असताना तो आकडा विसरता येत नाही. रेषा ही खरं तर एकमेकांच्या माथ्यावर मारा करून एकमेकांना जपणाऱ्या ठाण्यांची साखळी होती. मोकळं टोक सापडलं की तिथली कडी एकटी पडायची.

किल्ल्याबाहेरचा इतिहासही ध्यानात ठेवून जा. सप्टेंबर १९३९ मध्ये सरहद्दीलगतची गावं आणि स्ट्रासबूर शहर रिकामं करून लोकांना नैर्ऋत्य फ्रान्समध्ये हलवलं. पुढे जर्मनीने आल्सास गिळला आणि १९४२ पासून इथल्या पोरांना सक्तीने जर्मन सैन्यात भरती केलं. आल्सास आणि शेजारचा मोझेल जिल्हा मिळून सुमारे एक लाख तीस हजार. सरहद्दीचा तट कशासाठी हवा होता, हे या आकड्यावरून नीट समजतं.

आता जाणाऱ्यांसाठी. आत बारा-तेरा अंशांच्या आसपास थंडी असते, उन्हाळ्यातही स्वेटर घ्याच. चालणं भरपूर, पायऱ्याही आहेत. गुडघे दुखत असतील तर विचार करून जा. माहितीफलक वाचत आपल्या वेगाने फिरता येतं, मला तेच आवडलं. घाईने ढकलणारं कुणी नाही. देखभाल हौशी स्वयंसेवकांची संस्था करते आणि त्यांचा जीव त्यात आहे हे प्रत्येक तेलपाणी केलेल्या यंत्रावरून दिसतं. हिवाळ्यात बंद असतो, तेव्हा उघडण्याचे दिवस आधी पाहून ठेवा. निवांत दोन तास हाताशी ठेवा, यंत्रं आवडत असतील तर तीन.

वेळ उरला तर त्याच दिवशी हात्तेनजवळचं एश ठाणं पाहा. जानेवारी १९४५ मध्ये या गावात अमेरिकन आणि जर्मन घराघरासाठी भिडले होते. ठाणं लहान आहे, तासाभरात होतं. आधी शोनेनबुर्ग आणि मग एश, हा क्रम ठेवा. मोठ्या तोफांनी कुणाला राखायचं होतं ते तिथे गेल्यावर लगेच लक्षात येतं.