पायांविना चॅप्लिन: राजारामपुरीतील मूकपटांचा एक खेळ

कोल्हापूरच्या राजारामपुरीतील एका लहान सभागृहात गेल्या रविवारी दोन अमेरिकन मूक लघुपट दाखवण्यात आले: चार्ली चॅप्लिनचा 'वन ए. एम.' (१९१६) आणि बस्टर कीटनचा 'वन वीक' (१९२०). निवड उत्तम होती. तक्रार आहे ती दाखवण्याच्या पद्धतीबद्दल.

'वन ए. एम.'मध्ये आरंभीचा टॅक्सीचालक वगळला तर पडद्यावर चॅप्लिन एकटाच असतो. झिंगून घरी परतलेल्या या उंची पोशाखातल्या गृहस्थाची झटापट होते ती स्वतःच्याच घरातल्या जिन्याशी, गालिच्यांशी, घड्याळाच्या लंबकाशी आणि शेवटी भिंतीत मिटणाऱ्या पलंगाशी. पडणे ही शिकण्याची विद्या आहे, हे खासबागेच्या मैदानातल्या कुस्त्या पाहत वाढलेल्या कोल्हापूरकराला वेगळे सांगावे लागत नाही; अंग कधी सैल सोडायचे आणि मातीला आधी काय टेकवायचे, हे कळणारा माणूसच जिन्यावरून इतक्या निरनिराळ्या तऱ्हांनी घसरू शकतो. या विनोदाचे मूळ पायांत आहे. आयोजकांनी मात्र जुनी ४:३ ची चौकट रुंद पडद्यावर भरून काढण्यासाठी चित्र वर-खाली कापले होते, त्यामुळे गालिचा सरकलेला दिसत नव्हता, नुसता माणूस आडवा झालेला दिसत होता. ज्या गावात मूकपटांच्या काळातले चित्रपटकार बाबूराव पेंटर यांनी स्वतः कॅमेरा घडवला, त्या गावात चौकटीची ही हेळसांड अधिकच खटकते. चित्राची गती मात्र नेमकी राखली होती. पात्रे उगाच तुरुतुरु धावत नव्हती.

पार्श्वसंगीताविषयी थोडक्यात सांगायचे तर, प्रत्येक आपटण्यावर 'धडाम' वाजवण्याची गरज नव्हती.

'वन वीक'मध्ये सुटे भाग जोडून उभारायचे घर नवविवाहित जोडप्याला भेट मिळते, आणि खोक्यांवरचे क्रमांक कोणीतरी बदलल्याने ते वेडेवाकडे उभे राहते. वादळात गरगरणारे हे घर खरोखरच फिरत्या चौथऱ्यावर बांधलेले होते. पुढे ते रुळांवर अडकते, आगगाडी येते आणि शेजारच्या रुळांवरून निघून जाते. नेमके इथेच ध्वनिमुद्रित संगीत संपले. त्या अनपेक्षित शांततेत सगळ्यांनी सोडलेला निःश्वास स्पष्ट ऐकू आला, आणि तेवढ्यात उलट दिशेने आलेल्या दुसऱ्या गाडीने घराचा चुराडा केला. सभागृह हसून लोटपोट झाले.

पुढील खेळात पूर्ण चौकट दाखवण्याचे आयोजकांनी मान्य केले आहे, म्हणून मी दोन तिकिटे आत्ताच घेऊन ठेवली आहेत.