ट्रेकिंग पोल: पावसाळ्यापासून उन्हाळ्यापर्यंतचा अनुभव

ट्रेकिंग पोलची, म्हणजे चालताना टेकायच्या काठ्यांची, अ‍ॅल्युमिनियमची जोडी जूनमध्ये घेतली आणि मेपर्यंत सह्याद्रीत भरपूर वापरली. माझं मत पक्कं झालंय: पोल उतारासाठी घ्या, आणि तेही पूर्ण उतारासाठी नको.

उतरताना मांडीचा पुढचा स्नायू ताणला जाता जाताच सगळं वजन पेलतो. म्हणून कळसूबाईसारखा १६४६ मीटरचा डोंगर चढल्याचं फारसं जाणवत नाही, पण दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी घरचा जिना उतरताना मांड्या धरतात. पोलमुळे थोडा भार हातांवर जातो, गुडघ्यांना आराम मिळतो. सपाटीवर कोपर काटकोनात राहील एवढी उंची ठेवा, उतारावर पाच-दहा सेंटीमीटर वाढवा.

पण एकदा असा उतार झेलला की तोच स्नायू पुढचे काही आठवडे बराच कमी दुखतो. शरीराची ही तयारी पोलने अडवू नये, म्हणून मी अर्धा उतार मोकळ्या हातांनी उतरतो आणि पाय थकले की सॅकमधून पोल बाहेर काढतो. स्नायू लवकर तयार होतात, स्नायूंना हाडाशी जोडणाऱ्या कंडरांना कितीतरी जास्त वेळ लागतो. नव्या मंडळींनी घाई करू नये, हे अगदी कळकळीने सांगतो.

घसाऱ्यावर, म्हणजे सुट्या दगड-मातीच्या उतारावर, खरा फरक नजरेत पडला. आधी डोळे बुटांना चिकटलेले असायचे. आता ते दोन-तीन पावलं पुढची जागा हेरतात, दगड हलला तर घोटा आपणहून सावरतो. हे पोल शिकवत नाही, मोकळे पाय शिकतात.

दृष्टिभयावर, म्हणजे खोल दरी दिसली की वाटणाऱ्या भीतीवर, तर पोलचा शून्य उपयोग. राजगडच्या चोरदरवाज्याची वाट किंवा कळसूबाईच्या शिड्या, तिथे दोन्ही हात मोकळे हवेत, पोल सॅकमध्ये. खोल दरीकडे पाहताना डोळ्यांना जवळ स्थिर असं काही सापडत नाही, त्यामुळे तोल सावरायला त्यांची मदत होत नाही आणि अंग झुलतं. नजर शेजारच्या कातळावर ठेवली की बरंच स्थिर वाटतं. अनुभवी माणसासोबत अशा जागा पुन्हा पुन्हा केल्या, तशी माझी भीती खूप ओसरली.

घेताना उंची पक्की करणारं खटक्याचं लॉक बघा, पिळायचं लॉक चिखलाने घसरतं. रबरी टोपी कोरड्या कातळावर छान धरते, मातीत काढून ठेवा. शेवाळावर मात्र कशाचाच भरवसा नाही. पावसातून आल्यावर तुकडे सुटे करून वाळवा, नाहीतर आत गंज धरून ते अडकून बसतात.