जर्मनी की कॅनडा: वहिनीच्या क्लासचा हिशोब

चोपड्याच्या आमच्या जिभाऊला जर्मनीची ऑफर आलीय आणि कॅनडाचंपण चालू आहे, पगार टॅक्स थंडी सगळ्याचं एक्सेल झालं पण वहिनी तिकडे बोलणार कशी हा कॉलमच नव्हता. वहिनी मराठी मीडियमची, घरात अहिराणी, इंग्रजी निघालं की "माले येत नही" म्हणून किचनमध्ये. दोन्हीकडे सरकारच्या मदतीने भाषेचे क्लास असतात, माझी नणंद कॅनडात आणि मावसबहीण जर्मनीत, दोघींना फोन करून पिडलं.

कॅनडात 'लिंक' (LINC) नावाचा प्रोग्रॅम आहे, १९९२ पासून, एकदम फुकट, क्यूबेक प्रांताचं तेवढं वेगळं. आधी लेव्हल तपासतात मग दिवसा, संध्याकाळी नाहीतर ऑनलाइन बसवतात, काही सेंटरला पोरं सांभाळायचीपण सोय असते. नणंद दीड वर्षाच्या पोराला बाजूच्या खोलीत सोडून बसायची आणि वर्गात काय तर फोनवर डॉक्टरची अपॉइंटमेंट कशी घ्यायची. मस्त. पण आजूबाजूला सगळे पंजाबी, दुकानातपण हिंदी चालून जातं, म्हणून चार महिन्यांत बाईंनी सोडून दिलं! आणि खरी मेख ही की लिंक पीआरवाल्यांना, म्हणजे कायमचं राहायची परवानगी मिळालेल्यांना, आणि शरणार्थी म्हणून मान्य झालेल्यांना आहे, जिभाऊ आधी वर्क परमिटवर गेला तर पीआर येईपर्यंत वहिनी बाहेरच.

जर्मनीत 'इंटिग्रेशन्सकुर्स', २००५ पासून. साधारण ६०० तास भाषा आणि १०० तास तिथला कायदा, इतिहास वगैरे, तास म्हणजे ४५ मिनिटं. फुकट नाही, तासाला २.२९ युरो म्हणजे ७०० तासांचे सोळाशेच्या वर. नवऱ्याकडे आलेल्या बायकोला एक वर्षापेक्षा जास्तीचं परमिट मिळालं की हक्कच लागतो, पीआरची वाट बघायला नको. मावसबहीण सांगते की पहिले दोन महिने रडायचीच बाकी होती, तिथे मुलगीसुद्धा 'दास', म्हणजे 'ते', मी म्हटलं अगं आपण पोरगं म्हणतो ना तसंच, तो ती ते तर आपल्याकडेपण आहेच की, इंग्रजीवाल्यांनी रडावं. सुरी मात्र आपली ती आणि त्यांचीपण 'दास', तिथे पाठांतरच. पण बेकरीत हिंदी चालत नाही म्हणून वर्षभरात बोलायला लागली ना.

माझं मत विचाराल तर वहिनीसाठी जर्मनी, पैसे गेले तरी, कारण सोडून द्यायला वाव कमी. पोरगं अजून मांडीवर असतं तर मी कॅनडा म्हटलं असतं.

जिभाऊ, ऑफरसोबत व्हिसा कोणता ते आधी विचार. ब्लू कार्ड, म्हणजे जास्त शिकलेल्या नोकरदारांचं परमिट, असेल तर वहिनीला जायच्या आधी ए-वन, म्हणजे जर्मनच्या पहिल्या पायरीच्या, परीक्षेची अट नाही, दुसरं काही असेल तर ती लागू शकते, ते विचारून घे, लागली तर पुण्याला क्लास, राहणं, फी सगळं आपल्या खिशातून, ते एक्सेलमध्ये टाक.