अल्बमचा लेख आणि विकिपीडियाचा पीअर रिव्ह्यू: काही महिन्यांच्या वापरानंतर

इंग्रजी विकिपीडियावरचा अल्बमचा लेख बऱ्यापैकी भरला, पण 'फीचर्ड', म्हणजे सर्वोत्तम लेखाच्या दर्जासाठी, पाठवायची छाती होत नाही, अशा वेळी पीअर रिव्ह्यू, म्हणजे इतर संपादकांकडून लेख तपासून घेणं, कामी येतो. अट एकच, प्रश्न नेमका हवा. 'लेख सुधारायचाय, सुचवा' एवढंच लिहिलंत तर कुणीतरी स्वल्पविराम आणि तारखांची मांडणी दुरुस्त करायला सांगून जातं. 'रेकॉर्डिंगचा भाग संगीत न शिकलेल्याला कळतो का?' असं विचारलं की मुद्द्याचं बोलणारे येतात.

विनंती टाकणं सोपं आहे. लेखाच्या चर्चापानावर पीअर रिव्ह्यूचा साचा (तयार कोड) टाकून जतन करायचं, आलेल्या दुव्यावरून पीअर रिव्ह्यूचं पान उघडायचं आणि तिथे कारण लिहायचं. एका वेळी एकच विनंती चालते. खरी अडचण वाट पाहण्याची. सगळे स्वयंसेवक, त्यामुळे कधी आठवडे जातात आणि हालचाल नसलेली विनंती शेवटी बंद होते. दुसऱ्यांचे दोन-तीन लेख तपासून दिले की आपल्याकडेही माणसं वळतात. अल्बमच्या लेखांवर काम करणाऱ्या संपादकांच्या गटाच्या, म्हणजे अल्बम प्रकल्पाच्या, चर्चापानावर एक ओळ टाकली तरी फरक पडतो.

सर्वांत जास्त फायदा 'क्रिटिकल रिसेप्शन'ला, म्हणजे समीक्षकांची मतं देणाऱ्या भागाला होतो. बहुतेक लेखांत तिथे नुसती रांग असते: अमक्याने गायनाची स्तुती केली, तमक्याने चार तारे दिले, तिसऱ्याला अल्बम लांबलेला वाटला. चांगला परीक्षक हे मोडून मुद्द्यांनुसार बांधायला लावतो. गायनाबद्दलची मतं एका परिच्छेदात, निर्मितीबद्दलची दुसऱ्यात, आणि परिच्छेदाच्या पहिल्याच वाक्यात बहुतेकांचा कल. मात्र 'बहुतेक समीक्षकांना आवडला' या वाक्यालाही संदर्भ लागतो. समीक्षकांची चार परीक्षणं वाचून आपणच काढलेला निष्कर्ष तिथे चालत नाही. समीक्षकांनी दिलेल्या ताऱ्यांच्या चौकटीत दहापर्यंतच परीक्षणं ठेवायची, आणि तारे तिथे दिसतात म्हटल्यावर मजकुरात पुन्हा कशाला?

संदर्भांत ठरलेल्या चुका पकडल्या जातात. डिस्कॉग्स आणि रेट युवर म्युझिक ही संगीताची संकेतस्थळं वापरकर्त्यांनी भरलेली, म्हणून बाद. ऑलम्युझिक या संकेतस्थळावरचं समीक्षकाचं परीक्षण चालतं, पण तिथल्या बाजूच्या पट्टीतला संगीतप्रकार उचलून लेखाच्या माहितीचौकटीत (वरच्या कोपऱ्यातल्या थोडक्यात माहितीच्या तक्त्यात) टाकला की हरकत येते. वादकांची नावं अल्बमच्या छापील माहितीतून घ्यावीत आणि तसा संदर्भ द्यावा. मुखपृष्ठ साधारण ३०० बाय ३०० पिक्सेलपर्यंत लहान ठेवायचं. गाण्याचा नमुना ३० सेकंद किंवा एकूण लांबीच्या १० टक्के, यांतलं जे कमी असेल तेवढाच, म्हणजे चार मिनिटांच्या गाण्याचा २४ सेकंद. शिवाय त्या तुकड्यातलं नेमकं काय ऐकायचं हे मजकुरात आलेलं नसेल तर तो काढायला सांगतात, आणि ते बरोबरच आहे.

उणीव सांगायची तर परीक्षक प्रत्येक दुवा उघडून पाहत नाहीत. संदर्भात खरंच तसं लिहिलंय का, हे आपणच आधी ताडून घ्यावं, आणि दुवे वेबॅक मशीनवर (वेबपानांच्या प्रती साठवणाऱ्या संकेतस्थळावर) जतन करून ठेवावेत. मेलेला दुवा फीचर्डच्या वेळी हमखास आडवा येतो.

सूचना आल्या की प्रत्येकीखाली उत्तर द्या, नाही पटली तर कारणासह. दोन परीक्षक उलटसुलट बोलले तर दोघांनाही तिथेच विचारा. एकाला 'कंपोझिशन' (गाण्यांच्या रचनेचा भाग) लांब वाटतो, दुसऱ्याला तोकडा, हे नेहमीचंच. आणि फीचर्डसाठी नामांकन करण्याआधी पीअर रिव्ह्यू बंद करायला विसरू नका, दोन्ही एकाच वेळी चालत नाहीत.