महालातील जुन्या शाळेची वारसा-फेरी: बांधकाम समजावून सांगणारे मार्गदर्शन

नागपुरातील वारसा-फेऱ्या बहुधा सीताबर्डीचा किल्ला आणि झिरो माइलचा स्तंभ एवढ्यावरच आटोपतात. महाल या शहराच्या जुन्या भागातील एका शाळेच्या इमारतीसाठी काढलेली ही फेरी मात्र मला मनापासून आवडली, कारण मार्गदर्शकांनी सनावळ्यांपेक्षा बांधकामावर भर दिला.

शहरातील आधुनिक शिक्षणाचा इतिहास त्यांनी थोडक्यात सांगितला. स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी १८४५ साली नागपुरात आले आणि पुढच्याच वर्षी त्यांनी शाळा काढली. भोसल्यांचे राज्य तेव्हा खालसा व्हायचे होते. हिस्लॉप भूगर्भशास्त्राचेही अभ्यासक होते. नागपूरजवळच्या टाकळघाट परिसरातील शिळावर्तुळे (प्राचीन दफनांभोवती रचलेली दगडांची वर्तुळे) पाहून परतताना १८६३ मध्ये नदीत बुडून त्यांचा मृत्यू झाला, आणि १८८३ मध्ये त्यांच्या नावाने महाविद्यालय सुरू झाले. नागपूरच्या आसपासच्या खडकांवर त्यांनी काम केले होते, हा धागा पकडून मार्गदर्शकांनी आम्हाला थेट इमारतीच्या जोत्यापाशी नेले.

जोते काळ्या पाषाणाचे आहे, तर त्यावरील भिंती चुन्यात बांधलेल्या विटांच्या आणि चांगल्याच जाड आहेत. उन्हाचा पारा पंचेचाळीसच्या पुढे जाणाऱ्या या शहरात वर्गांना लागून रुंद व्हरांडा का ठेवला, छत एवढे उंच का नेले आणि छताखालच्या छोट्या झरोक्यांतून गरम हवा कशी बाहेर पडते, हे त्यांनी प्रत्येक वर्गात उभे राहून दाखवले. वर सागवानी कैच्यांवर, म्हणजे छप्पर पेलणाऱ्या त्रिकोणी लाकडी सांगाड्यांवर, मंगळुरी कवेलू आहेत. ही कवेलू बनवणारा बासेल मिशन या ख्रिस्ती मिशनरी संस्थेचा कारखाना मंगळूरला १८६५ मध्ये निघाला आणि १८६७ मध्ये नागपूरपर्यंत रेल्वे आली; हा माल विदर्भात कसा रुळला असावा, याचा अंदाज त्यावरून सहज येतो.

मला सर्वाधिक महत्त्वाचा वाटला तो मागच्या भिंतीचा एक कोपरा. तेथे कोणीतरी चुन्याच्या जुन्या गिलाव्यावर सिमेंट थापले आहे. चुना ओल बाहेर सोडतो, सिमेंट ती आत कोंडते. त्यामुळे ठिगळाच्या कडेने पांढरे क्षार फुलले आहेत आणि विटेचा भुगा बोटाला लागतो. दुरुस्तीच्या नावाखाली जुन्या वास्तूंचे किती नुकसान होते, हे येथे प्रत्यक्ष दिसते, आणि शाळांच्या व्यवस्थापनांनी आवर्जून पाहावे असे हे ठिकाण आहे.

उणिवाही आहेत. गट इतका मोठा होता की व्हरांड्यात मागच्यांना नीट ऐकू येत नव्हते. वरचा मजला बंद असल्याचे शुल्क घेतानाच सांगायला हवे होते. इमारतीचा साधा नकाशा हाती दिला असता तर भाग ओळखणे सोपे गेले असते. तरीही शुल्काच्या मानाने मिळालेली माहिती भरपूर आहे. उन्हाळ्यात सकाळची तुकडीच निवडावी, आणि मुलांना नेणार असाल तर ती निदान माध्यमिक शाळेतील असावीत.